फोल्कमार टीत्स यांना आलेला नकार

फेल्डहोवन, ४ फेब्रुवारी २०२५

चि. संहिता,

पत्ता उल्कामावशीने दिला. तिच्यावर डाफरू नकोस. पुण्याला फोन करकरून मी तिला तीन दिवस छळलं, तेव्हा कुठे तिने तोंड उघडलं. व्हॉट्सॲपवर तू मला ब्लॉक केलं आहेस, मेलला उत्तर देत नाहीस, म्हणून हा कागद. डीमनला तुझ्या दाराच्या फटीतून आत पडला की तुला निदान तो उचलावा तरी लागेल. तू दुसरीपर्यंत पुण्यात शिकलीस, त्यामुळे वाचता येईल असं धरून चालते. जोडाक्षरं मोठी काढली आहेत.

माफी मागायला लिहीत नाही. ती दोनदा मागून झाली. दोन वर्षांपूर्वी बाबा मंगळवारी गेले आणि मी तुला व्हँकूव्हरला फोन केला तो गुरुवारी, तुझा शेवटचा पेपर झाल्यावर. यात माझा जो गुन्हा असेल तो असो. पण परीक्षा पार पडू दे, मग सांग, ही बाबांचीच इच्छा होती. त्यांनी मला शपथ घातली होती. आजारी माणसाची शपथ मोडायची कशी, हे तू मला सांग.

ते जाऊ दे. लिहायला बसले ते दुसऱ्याच कारणाने. समोरचे टीत्स आठवतात का? तू दहा वर्षांची असताना शाळेत युद्धाचा सिनेमा दाखवला होता आणि त्यात त्यांना बघून तू सायकल अंगणात टाकून किंचाळत आत आली होतीस, "आई, देअर इज अ नाझी अक्रॉस द स्ट्रीट!" बाबा तुला हाताला धरून त्यांच्याकडे घेऊन गेले होते. त्यांनी तुला लिकरिशची गोळी दिली आणि तू ती त्यांच्याच कुंडीत थुंकलीस. तेच टीत्स.

सप्टेंबरपासून मी त्यांच्याकडे कामाला जाते. दचकू नकोस. खेमेंतेतर्फे, म्हणजे इथल्या डच नगरपालिकेतर्फे, एकट्या राहणाऱ्या म्हाताऱ्यांना घरकामाला मदतनीस मिळते, मी ती मदतनीस. मंगळवारी आणि शुक्रवारी. त्यांची बायको इनेके गेली, आणि आता डोळेही गेले. मधोमध काळा डाग आणि कडेकडेने थोडं दिसतं. म्हणून केर काढायचा, बटाटे उकडायचे आणि टपाल वाचून दाखवायचं.

गेल्या आठवड्यात त्यांना एका सिनेमाच्या ऑडिशनची मेल आली. लहान मुलांचा सिनेमा आहे, त्यात मधमाश्या पाळणारा एक जर्मन आजोबा हवा आहे. अकरा वाक्यं. मी वाचून दाखवलं तर म्हातारा खुर्चीतून उठलाच. "यायंती," (त्यांना ज म्हणता येत नाही) "याला नाव आहे. ओटो. आडनावसुद्धा आहे. आणि हा घरातले कपडे घालतो!"

आता ऑडिशनला कुणी जात नाही, फोनवर चित्रण करून पाठवायचं असतं. मागे कोरी भिंत लागते. त्यांच्या भिंतींवर इनेकेच्या निळ्या बश्या आहेत, म्हणून आपल्या बैठकीत केलं. सिनेमातल्या नातीची वाक्यं कॅमेऱ्याच्या मागून मी म्हटली. माझं जर्मन ऐकून ओटोआजोबा मधेच खरोखरचे हसले, आणि त्यांनी तोच टेक पाठवायला लावला. मला फार दिवसांनी बरं वाटलं. कुणाला तरी सांगावंसं वाटलं आणि तुझ्याशिवाय कुणी सुचेना.

आई


फेल्डहोवन, २७ फेब्रुवारी

चि. संहिता,

तुझं उत्तर नाही. पत्र परतही आलं नाही, म्हणजे पोचलं.

टीत्स यांच्या सिनेमाचं उत्तर मात्र आलं. परवा, मंगळवारी, मी त्यांच्या ओट्यापाशी बटाटे सोलत होते. ते म्हणाले, मेल बघता का. बघितली. सुरुवातच 'दुर्दैवाने' अशी, आणि दुसऱ्या ओळीत विषय संपला. तुम्ही चांगलं काम केलंत, आम्ही दुसऱ्यांना घेतलं, शुभेच्छा. या देशात नकाराला दोन ओळी पुरतात. आपल्याकडे मुलीचं साधं स्थळ नाकारायचं झालं तरी लोक पत्रिका पुढे करतात, घरात आजारपण काढतात, दोन महिने घालवतात, आणि मग समोरचा आपला आपण समजतो.

ते माझ्याकडे तोंड करून उभे होते. कडेने दिसावं म्हणून मान तिरकी. "मग?" म्हणाले.

मी म्हटलं, "अजून बघतायत म्हणे. मार्चअखेर कळवतील."

याला खोटं म्हणू नकोस. थोडं थांबवून ठेवलं, एवढंच. त्या दिवशी इनेकेचा वाढदिवस होता. इथल्या रीतीप्रमाणे त्यांच्या संडासात वाढदिवसांचं कॅलेंडर टांगलेलं आहे आणि त्यावर तिचं नाव अजून आहे. अशा दिवशी कुणी सांगतं का?

ते खूश झाले. स्वतः चाचपडत कॉफी केली आणि मला सगळी कारकीर्द ऐकवली. रेमशाइडचा मुलगा, वडील कानशी बनवायच्या कारखान्यात. सत्ताविसाव्या वर्षी सिनेमात मुख्य भूमिका मिळाली. एक ट्रकवाला एक दिवस घरी जातच नाही, असा काहीतरी सिनेमा. सगळा हिवाळा चित्रण केलं आणि निर्माता बुडाला. एसेनमधल्या एका थिएटरात तो चार दिवस चालला. त्यात रंगभूषा करणारी मुलगी इनेके. तिच्या मागे ते आइंडहोवनला आले आणि इथे त्यांना कळलं की डच लोक दरवर्षी युद्धाचे सिनेमे काढतात आणि त्यांना ओरडणारे जर्मन हवे असतात.

मग काय, एकोणतीस वेळा गणवेश. पडद्यावर नाव यायचं ते 'दुसरा अधिकारी', 'नाक्यावरचा जर्मन' असं. चारदाच पात्राला नाव होतं. एकवीस वेळा मेले, त्यातले दोनदा एकाच पुलावर, सात वर्षांच्या अंतराने. दिग्दर्शक म्हणायचे, फोल्कमार, ओरड. हे ओरडायचे. घरी मांजराला 'चल हो' म्हणायचं तरी दोनदा खाकरणारा माणूस. दुकानात बायका त्यांना ओळखायच्या, पण हसायच्या नाहीत.

"ओटो कुणावर ओरडत नाही," ते म्हणाले. "तुम्ही पटकथा वाचत होतात तेव्हा मी तेच शोधत होतो."

मी बटाटे चुलीवर ठेवले.

आई


फेल्डहोवन, २५ मार्च

चि. संहिता,

मागच्या पत्रात शपथेचं लिहिलं की त्याच्या मागच्या? पहिल्याच. तर त्याबद्दल. शपथ घातली असं अगदी म्हणता येणार नाही. ऑक्टोबरात एकदा बाबा म्हणाले होते, "तिच्या अभ्यासात विघ्न नको." ऑक्टोबरात आपण बरे होणार असं त्यांना वाटत होतं. मलाही वाटत होतं. तुला ऑपरेशन चांगलं झालं असं कळवलं ते तेव्हाचं, आणि तेव्हा ते खरंच होतं. नंतर मी त्या वाक्याला धरून राहिले. बस, एवढंच दुरुस्त करायचं होतं.

इथे एक गोष्ट झाली आहे. जर्मनीत जुन्या नटनट्यांसाठी एक वृद्धाश्रम आहे. टीत्स सहा वर्षं त्याच्या यादीत होते. खाली छोटं नाट्यगृह, बाग, आणि जेवणाच्या टेबलाशी सगळे एकमेकांना आपापल्या पडलेल्या नाटकांच्या गोष्टी सांगणारे. तिथे एक खोली रिकामी झाली. पत्र आलं, चौदा दिवसांत हो की नाही कळवा, नाहीतर खोली पुढच्याला.

पत्र वाचून झाल्यावर ते म्हणाले, "पण चित्रण मे महिन्यात ना? इथेच, लिम्बुर्खमध्ये?"

आता मधल्या महिन्यात काय झालं होतं ते सांगते. ते दर मंगळवारी आणि शुक्रवारी विचारायचे. नुसतं 'काही नाही' म्हणायला जीभ वळेना. मी म्हटलं, शेवटच्या दोघांत आहात. मग म्हटलं, दिग्दर्शिकेला तुमचा आवाज आवडला. ते मी इतक्या सहज बोलून गेले की मलाच क्षणभर खरं वाटलं. त्यांनी ओटोसाठी दाढी राखायला घेतली. अकरा वाक्यं पाठ तर पहिल्याच दिवशी होती, आता ती अकरा तऱ्हांनी म्हणतात.

तर मी म्हटलं, "हो, मे महिन्यात."

त्यांनी मला वृद्धाश्रमाला पत्र सांगितलं. कळवण्यास आनंद होतो की मला मोठं काम मिळण्याची शक्यता आहे, तरी ही खोली कृपया दुसऱ्या सहकाऱ्याला द्यावी. मी टाइप केलं. सही कुठे करायची ते दाखवायला त्यांचं बोट धरून कागदावर ठेवलं. सांगायचं असेल तर हीच वेळ, असं मनात आलं होतं, शप्पथ. तेवढ्यात ते हसले आणि म्हणाले, "पन्नास वर्षांत पहिल्यांदा मी कुणाला तरी नाही म्हणतोय, यायंती."

त्यानंतर कसं सांगणार? पत्र मी नाक्यावरच्या नारिंगी पेटीत टाकलं. यादीत पुन्हा शेवटून सुरुवात, निदान चार वर्षं. ते ब्याऐंशीचे आहेत.

तू आत्ता काय म्हणत असशील ते मला इथे ऐकू येतंय. अगेन, आई?

आई


फेल्डहोवन, ६ मे

चि. संहिता,

टीत्स पडले. एप्रिलच्या शेवटी, शनिवारी. शनिवारी मी जात नाही. खुबा मोडला. शेजारच्या बाईला पडदे उघडले नाहीत म्हणून शंका आली, तोवर दुपार झाली होती. ऑपरेशन झालं आणि आता ते इथल्याच शुश्रूषागृहात आहेत. घरी परत जाता येणार नाही असं डॉक्टरांनी त्यांना तोंडावर सांगितलं. ते म्हणाले, ठीक आहे. त्यांना सांगणं इतकं सोपं आहे हे मी पाहत उभी होते.

परवा चार मे होती, इथला युद्धातल्या मृतांचा स्मरणदिन. यंदा युद्ध संपल्याला ऐंशी वर्षं, त्यामुळे टीव्हीवर आठवडाभर तेच सिनेमे. शुश्रूषागृहाच्या बैठकीत सगळ्या आजी-आजोबांना टीव्हीसमोर बसवलं होतं. एका सिनेमात नाक्यावर एक अधिकारी सायकलवरच्या मुलीवर ओरडतो. टीत्स यांना दिसत नव्हतं, पण आवाज ऐकला आणि ते म्हणाले, "हा मी आहे." शेजारच्या बाईंनी आपली खुर्ची दुसरीकडे ढकलून घेतली. नव्वदीच्या आहेत, त्यांचं डोकं आता जागेवर नसतं, त्यांना दोष देता येत नाही. नंतर दोन मिनिटं शांतता पाळायची वेळ झाली तेव्हा टीत्स यांनी मला सांगितलं, मला खोलीत घेऊन चला. घरी असतानाही ते या वेळी पडद्यामागे उभे राहायचे म्हणे, कुणाला आपला त्रास नको म्हणून. यंदा उभं राहता येत नव्हतं.

तिथे जर्मन बोलणारं कुणी नाही. मी गेले की ओटोची वाक्यं म्हणतात आणि मी नात होते. शूटिंगचं विचारलं तर मी सांगितलं की पुढे ढकललंय.

तुझ्या वाढदिवसाला मी डीमनला आले होते. खाली बेलच्या पाट्यांवर तुझं नाव बघितलं. बेल दाबली नाही. तू खिडकीतून पाहिलं असशील तर ती मीच.

आई


फेल्डहोवन, १८ जून

संहिता,

काल मी टीत्स यांना सांगितलं.

त्यांनीच भाग पाडलं, म्हणजे मुद्दाम नाही. दाढी छातीपर्यंत आली आहे, परिचारिका रोज कापू का विचारतात आणि ते नाही म्हणतात, ती कामाची आहे म्हणतात. काल मला म्हणाले, "त्यांना एक लिहाल का? व्हीलचेअरवरचा ओटो चालेल का? मधमाश्या बसूनही पाळता येतात." आणि मग, लिहून झाल्यावर मोठ्याने वाचून दाखवा, म्हणजे विनवणीसारखं वाटत नाही ना ते बघू.

माझ्याने नाही झालं. मी म्हटलं, मेल आली होती, नकार होता.

त्यांनी मान तिरकी केली आणि विचारलं, "कधी?"

"पंचवीस फेब्रुवारी."

"म्हणजे खोलीच्या पत्राच्या आधी."

"हो."

मी खूप बोलले. इनेकेचा वाढदिवस होता, तुम्ही इतके आनंदात होता, आमच्याकडे असं तोंडावर सांगत नाहीत. ते ऐकत होते. एकोणतीस सिनेमांत ओरडलेला माणूस, मला वाटलं आता ओरडतील. ओरडले असते तर बरं झालं असतं. इतक्या हळू बोलले की मला वाकावं लागलं.

"यायंती, मला आयुष्यात तीनशेच्या वर नकार आले. दुपारच्या जेवणापर्यंत मी ते पचवतो. अभिनय मी फार थोडा केला. नकार ऐकणं हे माझं खरं काम होतं, आणि त्यात मी चांगला होतो. तुम्हाला काय वाटलं, हा एक ऐकून मी मरेन?"

मी म्हटलं, तुम्हाला वाईट वाटू नये म्हणून.

"नाही," ते म्हणाले. "मला वाईट वाटलेलं तुम्हाला बघायला लागू नये म्हणून."

मग त्यांनी घंटी वाजवून परिचारिकेला बोलावलं आणि दाढी काढायला सांगितली. मी तोवर तिथेच होते. आत सगळा चेहरा बसलेला निघाला. शुक्रवारपासून माझ्याऐवजी दुसरं कुणी यावं, असं त्यांनी तिला माझ्यादेखत सांगितलं. ती म्हणाली, बरं, आणि वहीत लिहून घेतलं.

आई


फेल्डहोवन, २२ जून

संहिता,

हे शेवटचं पत्र. यानंतर मी तुला लिहिणार नाही, डीमनला येणार नाही, उल्कामावशीला मधे घालणार नाही.

बाबांनी शपथ घातली नव्हती. ऑक्टोबरातलं वाक्य खरं आहे, पण नोव्हेंबरच्या शेवटी डॉक्टरांनी त्यांना दिवस सांगितले, आणि त्याच संध्याकाळी ते मला म्हणाले, "संहिताला बोलव." मी हो म्हटलं. तुझी परीक्षा दोन आठवड्यांवर होती. मला वाटलं, ते तेवढे थांबतील. डॉक्टर उगाच घाबरवतात असं मी ठरवून टाकलं. दुसऱ्या दिवशी त्यांनी विचारलं, मी म्हटलं, तिकीट बघतेय ती. मग म्हटलं, मिळालं. तू फोन केलास की मी बाहेर जाऊन घ्यायचे आणि 'बाबा झोपलेत' म्हणायचे. ते जागे असायचे, संहिता. प्रत्येक वेळी जागे होते.

तुझ्यापासून लपवलं, एवढंच तुला माहीत होतं आणि त्यासाठीच तू गेलीस. त्यांच्याशीही मी खोटं बोलत होते, हे तुला आजपर्यंत माहीत नव्हतं. टीत्स जे बोलले त्यानंतर मी पाच दिवस याच्याभोवती फिरते आहे. तुझं रडणं आणि त्यांची भीती, दोन्ही एकदम माझ्यासमोर आलं असतं आणि मला ते बघायचं नव्हतं. परीक्षा हे निमित्त होतं. तू वर्ष बुडवलं असतंस तरी काय बिघडणार होतं.

सोबत पेनड्राइव्ह आहे. त्यात बाबांचा आवाज आहे, एक मिनिट अठरा सेकंद. दहा डिसेंबर, शनिवार, त्यांच्या जाण्याच्या तीन दिवस आधी. तुझा फोन लागत नाही असं मी सांगितलं म्हणून ते म्हणाले, मग रेकॉर्ड कर आणि पाठव. मी रेकॉर्ड केलं. पाठवलं नाही. आधी परीक्षा होती, नंतर पाठवलं असतं तर सगळंच उघडं पडलं असतं. अडीच वर्षं ते माझ्या फोनमध्ये आहे.

तू ऐकायच्या आधी त्यात काय आहे ते सांगते. निदान या वेळी आधी सांगते. सुरुवातीला नुसता श्वास आहे. मग ते म्हणतात, संहिता, आई म्हणते तू निघालीस, चार दिवस झाले, व्हँकूव्हरहून एवढा वेळ लागतो का. मग म्हणतात, तुला तिकडे पाठवताना मी भांडलो होतो त्याचा राग असेल तर सोड आता, ये. हे ते दोनदा म्हणतात. तू रागाने येत नाहीस असंच त्यांना शेवटपर्यंत वाटत राहिलं आणि मी ते वाटू दिलं.

शेवटी त्यांचा आवाज थांबतो आणि एका बाईचा येतो. खूप गोड आवाज आहे. ती म्हणते, "अहो, असं काय करता, विमानात बसलीसुद्धा ती, उद्या सकाळी तुमच्यासमोर असेल." त्यावर बाबा हसतात. इतके आनंदाने हसतात की मला ते एकदाच ऐकता आलं.

आई